चावडी आणि माजघर

आमच्याकडील वृत्तपत्रकर्त्यांची लेखणी आजवर दोन निराळ्या वाटांनी चालत आली आहे. एक वाट चावडीकडे जाते, दुसरी माजघराकडे. पहिलीने जाणारास लोक राजकारणी म्हणतात, दुसरीने जाणारास निर्लज्ज म्हणतात. पण दोन्ही वाटा एकाच घराशी जाऊन मिळतात, हे फार थोड्यांच्या ध्यानी आले आहे.

पहिल्या वाटेचे ठळक उदाहरण म्हणजे मुकुंदराव पाटील. १९१० साली त्यांनी ‘दीनमित्र’ साप्ताहिक हाती घेतले आणि पुढे नगर जिल्ह्यातील तरवडीसारख्या खेड्यातून ते चालविले. ‘कुलकर्णी लीलामृत’ लिहून त्यांनी कुळकर्ण्याच्या दप्तरातील सत्ता चव्हाट्यावर आणली. दुसऱ्या वाटेचे प्रवासी रघुनाथ धोंडो कर्वे. त्यांनी १९२१ साली मुंबईत संततिनियमनाचे केंद्र काढले, १९२३ साली त्याच विषयावर पुस्तक लिहिले आणि १९२७ पासून मरेपर्यंत, म्हणजे १९५३ पर्यंत, ‘समाजस्वास्थ्य’ मासिक चालविले. त्यांजवर अश्लीलतेचे खटले झाले. १९३४ च्या खटल्यात तर डॉ. आंबेडकर त्यांचे वकील होते. तरीही त्यांस दंड झालाच.

पाटलांनी गावातील सत्तेचा हिशेब मागितला. कर्व्यांनी कामविषयावरील मौनाचा. हे दोन हिशेब एकाच वहीत मांडण्याची वेळ मात्र सरकारनेच आणली. महाराष्ट्रातील कायद्यान्वये सप्टेंबर २००१ नंतर तिसरे अपत्य झालेला इसम ग्रामपंचायतीचा सभासद होण्यास अपात्र ठरतो. हरियाणातील अशाच कायद्यावर २००३ साली सर्वोच्च न्यायालयाने मान्यतेची मोहोर उठविली. पण पुढे हरियाणा व मध्यप्रदेश या राज्यांनी आपापले नियम मागे घेतले. तात्पर्य, शेजघरातील गोष्ट चावडीच्या दारावर येऊन बसली.

या नियमाचे कैवारी म्हणतात की, पुढाऱ्याने लोकांस कित्ता घालून द्यावा आणि नियम स्त्रीपुरुषांस सारखाच आहे. कागदावर तो सारखा आहे खरा. परंतु अपत्य किती व्हावे, हे आमच्या खेड्यात ठरवितो कोण? पुत्राच्या हव्यासाने सासर ठरविते, नवरा ठरवितो. प्रसूतीच्या खाटेवर मात्र सून जाते. २०१९ ते २०२१ या काळातील राष्ट्रीय पाहणीत शंभर विवाहित स्त्रियांपैकी सुमारे अडतीस जणींची संततिबंदीची शस्त्रक्रिया झालेली आढळली. पतीची शस्त्रक्रिया झाली आहे, असे शंभरांत एकीच्याही वाट्यास आले नाही. ज्या घरात सुरीखाली स्त्रीनेच जावयाचे, तेथे निर्णय उभयतांचा होता, असे कोणत्या तोंडाने म्हणावे? १९९२ च्या ७३ व्या घटनादुरुस्तीने पंचायतींत स्त्रियांस एकतृतीयांश जागा दिल्या आणि २०११ साली महाराष्ट्राने त्या निम्म्या केल्या. एका हाताने खुर्ची द्यावयाची आणि जो निर्णय तिच्या हाती नव्हताच त्याबद्दल दुसऱ्या हाताने ती ओढून घ्यावयाची, हा न्याय नव्हे.

कुटुंब लहान असावे, याविषयी आमचे दुमत नाही. कर्व्यांनी शतकापूर्वी तेच सांगितले; पण त्यांनी ते ज्ञानाने आणि साधनांनी साधावयास सांगितले, दंडाने नव्हे. म्हणून आमचे मागणे इतकेच आहे: हा अपात्रतेचा नियम रद्द व्हावा, संततिनियमनाची साधने गावोगावच्या आरोग्यकेंद्रांत स्त्रीच्या स्वतःच्या हाती पडावीत, आणि शस्त्रक्रियेचा भार पुरुषांनीही उचलावा.

आमच्या व्यवसायबंधूंसही एक सांगणे आहे. पंचायतीच्या निवडणुकीची बातमी लिहिताना उमेदवार बाईच्या माजघरात काय ठरते, तेही विचारा. लोक नाके मुरडतील, मुरडोत बापडे! माजघरात जिचे मत घेतले जात नाही, तिचे मत चावडीवर कसे चालावयाचे?