शिलावर्तुळांची जागा हलवू नका



महागावाहून नागपूरला जाणाऱ्या एस.टी.ने तुमच्यापैकी काही जण गेले असतील. आर्णी, यवतमाळ, कळंब, वर्धा अशी गावे मागे टाकीत गाडी बुटीबोरीला पोचते. तेथे कारखाने दिसू लागले, की नागपूर जवळ आले असे समजून लोक पिशव्या सावरू लागतात. याच बुटीबोरीजवळ टाकळघाट नावाचे गाव आहे आणि त्याच्या परिसरात सुमारे अडीच-तीन हजार वर्षांपूर्वीची दगडी वर्तुळे आहेत, हे गाडीतल्या किती जणांना ठाऊक असते? मी स्वतः नागपुरात राहून एम.एस्सी. झालो, पण मलाही ते ठाऊक नव्हते. आता मी पदार्थविज्ञान शिकवतो, आणि त्या वेळच्या माझ्या अज्ञानाची मला लाज वाटते.

या वर्तुळांपायी एका माणसाचा जीवही गेला आहे. स्टीफन हिस्लॉप हे नागपूरचे मिशनरी, भूगर्भशास्त्राचे मोठे अभ्यासक. सप्टेंबर १८६३ मध्ये ते टाकळघाटची वर्तुळे पाहण्यास गेले होते. परतीच्या वाटेवर पावसाने फुगलेला नाला ओलांडताना ते बुडाले. नागपूरचे हिस्लॉप कॉलेज त्यांच्याच नावाचे आहे. ज्या वाटेवर हा अभ्यासक गेला, त्याच वाटेने आपण रोज डुलक्या घेत जातो!

ही वर्तुळे म्हणजे आहे तरी काय? मोठमोठे धोंडे गोलाकार मांडलेले, आतमध्ये माती-मुरुमाची आणि गोट्यांची भर, आणि तिच्या खाली पुरलेल्या माणसांचे अवशेष. पुरातत्त्वज्ञ यांना बृहदश्मयुगीन शिलावर्तुळे म्हणतात. नागपूरच्या आसपास अशी ठिकाणे पुष्कळ आहेत. काटोल रस्त्याकडील जुनापाणी येथे सुमारे ३०० वर्तुळे नोंदली गेली आहेत. तेथे १८६७ मध्ये रिव्हेट-कार्नाक या इंग्रज अधिकाऱ्याने खोदकाम केले. त्याला मिळालेल्या वस्तूंपैकी काही आज लंडनच्या ब्रिटिश म्युझियममध्ये आहेत. पुढे डॉ. शां. भा. देव यांच्या मार्गदर्शनाखाली टाकळघाट-खापा, माहुरझरी आणि नैकुंड येथे पद्धतशीर उत्खनने झाली. माहुरझरीला माणसांबरोबर पुरलेले घोडे निघाले, घोड्यांच्या तोंडातले लोखंडी लगाम निघाले, तांब्याची शिरोभूषणे निघाली. नैकुंडला तर लोखंड गाळण्याची भट्टीच सापडली! ज्या लोकांनी एक अक्षरही लिहून ठेवले नाही, त्यांना लोखंड गाळता येत होते, हे आपल्याला केवळ या खुणांवरून कळले.

आता दुसरी बाजू पाहा. नागपूर शहर चारी दिशांना पसरत आहे. हिंगण्याला औद्योगिक वसाहत आहे, बुटीबोरीला आहे. काटोल रस्त्याकडे आणि वर्धा रस्त्याकडे नव्या वसाहतींचे ले-आउट पडतात. रस्त्याला मुरूम लागतो, घराच्या पायाला दगड लागतो, आणि वर्तुळात हे दोन्ही आयते मिळते. एका गावच्या शिवारात मी अशा वर्तुळाचे धोंडे शेताच्या बांधावर लावलेले पाहिले. शेतकऱ्याला विचारले, तर तो साधेपणाने म्हणाला, “धोंडेच तं आहेत सर. फाळ मोडते वखराचा.” मला काय उत्तर द्यावे ते सुचले नाही, कारण फाळ त्याचा मोडत होता, माझा नव्हे.

काही वर्षांपूर्वी आमच्या अकरावीच्या मुलांना घेऊन मी जुनापाणीला गेलो होतो. तेथे एका मुलीने मला प्रश्न केला, “सर, ही तर सगळी सारखीच दिसतात. नमुना म्हणून चार-दोन राखली आणि बाकीच्या जागेवर घरे बांधली, तर काय बिघडेल? नाहीतर दगड उचलून संग्रहालयात का नाही मांडत?”

प्रश्न अगदी रास्त आहे. मोठी माणसेही असेच म्हणतात. म्हणून त्याचे उत्तर भावनेने न देता विज्ञानानेच देऊ.

पहिला मुद्दा मांडणीचा. जुनापाणीच्या काही दगडांवर वाटीसारखे लहान खळगे कोरलेले आहेत. ते ठराविक दिशांच्या दगडांवर आहेत काय, त्यांचा सूर्याच्या उगवण्याशी काही संबंध आहे काय, याचा शोध मुंबईच्या टाटा मूलभूत संशोधन संस्थेतील खगोलशास्त्रज्ञांनीही घेतला आहे. नागपूरच्या अक्षांशावर २१ जूनला सूर्य बरोबर पूर्वेला न उगवता सुमारे २५ अंश उत्तरेकडे सरकून उगवतो, आणि २२ डिसेंबरला तितकाच दक्षिणेकडे. या दिशांना मुद्दाम दगड ठेवले असतील काय?

येथे घाई करून चालत नाही. समजा, एका वर्तुळात ३० दगड आहेत. ३६० अंशांत ३० दगड, म्हणजे दर १२ अंशांना एक. आपण २ अंशांची चूक माफ केली, तर प्रत्येक दगड इकडे २ आणि तिकडे २ असे ४ अंश व्यापतो. याचा अर्थ, २१ जूनच्या सूर्योदयाच्या दिशेला निव्वळ योगायोगाने दगड असण्याची शक्यता १२ मध्ये ४, म्हणजे तीनात एक! एका वर्तुळावरून “हे प्राचीन पंचांग आहे” असे जो सांगेल, त्याच्यावर विश्वास ठेवू नका. परंतु दहा वर्तुळे मोजली आणि दहाही ठिकाणी तसेच आढळले तर? एकतृतीयांशाला दहा वेळा गुणा. शक्यता सुमारे ५९ हजारांत एक इतकी खाली येते. मग त्याला योगायोग म्हणणे कठीण.

मुलीच्या प्रश्नाचे उत्तर या हिशेबात आहे. चार-दोन नमुने राखले, तर हा प्रश्न कायमचा अनिर्णित राहील. उत्तर “होय” येवो की “नाही”, ते मिळवायला पुष्कळ वर्तुळे लागतात, आणि त्यांतले दगड मूळ जागीच असावे लागतात. संग्रहालयात नेलेला दगड हा वाक्यातून काढलेल्या अक्षरासारखा. अक्षर शाबूत राहते, वाक्य मात्र जाते.

दुसरा मुद्दा मातीच्या थरांचा. कार्बन-१४ या किरणोत्सारी कार्बनाचा अर्धायुष्यकाल ५७३० वर्षे आहे, हे तुम्ही शिकला असाल. २७०० वर्षांपूर्वीच्या कोळशात मूळच्या सुमारे ७२ टक्के कार्बन-१४ शिल्लक असतो. तो मोजला की कोळशाचे वय निघते. आपल्या यवतमाळ जिल्ह्यातलेच उदाहरण घ्या. बाभूळगाव तालुक्यातील पाचखेड येथे नागपूर विद्यापीठाने २०२३-२४ मध्ये उत्खनन केले. तेथील नमुने दिल्लीच्या आंतरविद्यापीठ प्रवेगक केंद्रात तपासले गेले आणि वस्ती सुमारे तीन हजार वर्षांपूर्वीची, लोहयुगातली, असे दिसून आले. पण यंत्र फक्त कोळशाचे वय सांगते. तो कोळसा कोणत्या भांड्याबरोबर, कोणत्या लोखंडी हत्याराबरोबर होता, हे थर सांगतात. बुलडोझरने एकदा थर कालवले, की जगातले सर्वोत्तम यंत्रही हात टेकते.

आफ्रिकेत हे घडून गेले आहे. झिम्बाब्वे या देशाला १९८० मध्ये ज्या प्राचीन दगडी नगराचे नाव मिळाले, त्या ग्रेट झिम्बाब्वेच्या भिंती चुन्याशिवाय नुसते दगड रचून उभारल्या आहेत. हे काम आफ्रिकी लोकांचे असेल, हे तिथल्या गोऱ्या राज्यकर्त्यांना पटत नव्हते. १९०२ ते १९०४ या काळात त्या अवशेषांची देखरेख रिचर्ड हॉल याच्याकडे होती. त्याने “अलीकडचा कचरा” म्हणून वरचे थर उपसून टाकले. खरा पुरावा त्यातच होता! १९२९ मध्ये गर्ट्रूड केटन-थॉम्पसन या विदुषीने न खोदलेल्या जागी खणून हे नगर आफ्रिकी लोकांनीच बांधल्याचे दाखवून दिले. न खोदलेली जागा शिल्लक होती, म्हणूनच एका समाजाला त्याचा इतिहास परत मिळाला.

तिसरा मुद्दा क्षितिजाचा, आणि हा सहसा कोणी मांडत नाही. भारतीय पुरातत्त्व सर्वेक्षणाने संरक्षित केलेल्या स्मारकांभोवती १०० मीटरपर्यंत बांधकामाला बंदी आहे, आणि त्यापुढील २०० मीटरपर्यंत परवानगी घ्यावी लागते. १९५८ च्या कायद्यात २०१० साली ही तरतूद झाली. ती चांगली आहे, पण शिलावर्तुळांना पुरेशी आहे काय? वर्तुळात उभे राहा. पूर्वेला १०० मीटरवर, तुमच्या डोळ्यांच्या पातळीपासून १५ मीटर उंच, म्हणजे साधारण पाच मजली इमारत आहे असे समजा. तिच्या माथ्याचा उन्नतांश साडेआठ अंश येतो. विषुवदिनी सूर्य तिच्यावर डोकावेल तो खऱ्या सूर्योदयानंतर सुमारे ३६ मिनिटांनी, आणि तेवढ्या वेळात तो तीन अंशांहून अधिक दक्षिणेकडे सरकलेला असेल. सूर्यबिंब अर्ध्या अंशाचे, म्हणजे हा फरक सहा सूर्यबिंबांएवढा झाला! दगड जागेवर राहिले तरी निरीक्षण बुडाले. म्हणून माझे मत असे, की वर्तुळांच्या पूर्वेला आणि पश्चिमेला १०० मीटरच्या पुढेही उंच इमारती होऊ देऊ नयेत. बैठी घरे, शेते, बागा खुशाल असाव्यात.

“विकास थांबवायचा का?” असे कोणी विचारील. मुळीच नाही. आमच्या महागावावरून जाणारा रस्ता रुंद झाला याचा मला आनंदच आहे. रुग्णाला यवतमाळला न्यायची वेळ आली, की रस्त्याची किंमत कळते. परंतु रस्ता वळवता येतो, वर्तुळ वळवता येत नाही. कैरोभोवतीचा वळणरस्ता गिझाच्या पिरॅमिडांच्या पठारावरून जाणार होता. १९९५ मध्ये युनेस्कोशी झालेल्या चर्चेनंतर तो दुसरीकडून नेण्याचे ठरले. त्यामुळे कैरोचा विकास थांबला नाही. सेनेगल आणि गॅम्बिया हे दोन लहान देश. गॅम्बिया नदीच्या परिसरात आपल्यासारखीच शिलावर्तुळे आहेत. दोघांनी मिळून त्यांतले चार समूह जागतिक वारशाच्या यादीसाठी पुढे आणले आणि २००६ मध्ये त्यांचा समावेश झाला. त्यांना जे साधले ते आपल्याला का साधू नये?

त्या शेतकऱ्याचा प्रश्न मात्र टाळून चालणार नाही. वारसा साऱ्या समाजाचा, आणि नुकसान एकट्याचे, हा न्याय नव्हे. ज्याच्या शेतात वर्तुळ आहे, त्याला त्या तुकड्याचा योग्य मोबदला किंवा बदली जमीन मिळाली पाहिजे. जुनापाणीसारख्या ठिकाणांना कायद्याचे कवच आहे. खरा धोका आहे तो शेतांतून, झुडपांतून पडलेल्या आणि कोणत्याही यादीत नसलेल्या वर्तुळांना. ले-आउट मंजूर होण्यापूर्वी, खाणीचा परवाना देण्यापूर्वी त्या जमिनीची पुरातत्त्वीय पाहणी सक्तीची असावी, ही माझी दुसरी मागणी.

येथे तुमचे आणि तुमच्या शिक्षकांचे काम सुरू होते. तुमच्या शिवारात दगडांची गोल मांडणी दिसली, तर काहीही उकरू नका, धोंडा हलवू नका. “खाली धन आहे” असे सांगणाऱ्यांच्या नादी तर मुळीच लागू नका. अशा वर्तुळांत लोखंडाची हत्यारे, तांब्याच्या वस्तू, फुटकी मडकी मिळतात, आणि ती अभ्यासकाखेरीज कोणाच्या उपयोगाची नसतात. एक होकायंत्र, एक मोजपट्टी आणि वही घ्या. मध्यापासून प्रत्येक दगडाचे अंतर आणि दिशा लिहा, नकाशा काढा, छायाचित्रे घ्या. ग्रामपंचायतीला, तहसीलदारांना आणि पुरातत्त्व खात्याला त्याची एकेक प्रत द्या. यातून घडणारा अभ्यास कोणत्याही प्रयोगवहीतल्या प्रयोगाइतकाच अस्सल आहे. आणि पुढे दुर्दैवाने ते वर्तुळ गेलेच, तर निदान तुमचा नकाशा मागे राहील.

ती मुलगी परतीच्या गाडीत बराच वेळ गप्प होती. बुटीबोरी आल्यावर तिने विचारले, “सर, टाकळघाट कोणत्या बाजूला?” मी हात दाखवला. अंधार पडला होता, दिवे तेवढे दिसत होते. पुढच्या खेपेला दिवसा येऊ, असे आम्ही ठरवले. तुम्हीही एकदा जाऊन या, आणि जाल तेव्हा दगड मोजून या.