दिव्याखालचा अंधार

निवृत्त होणाऱ्या शिक्षकाचा सत्कार असो, एखाद्या संस्थेचा सुवर्णमहोत्सव असो की दिवंगत पुढाऱ्याची शोकसभा असो, मराठी वक्त्याला ‘दीपस्तंभ’ हा शब्द हटकून आठवतो. ज्याचा गौरव करावयाचा तो दीपस्तंभाप्रमाणे तेवत राहिलेला असतो आणि समोरचे श्रोते म्हणजे भवसागरात भरकटलेली तारवे असतात. पुण्यासारख्या सभासंमेलनांच्या शहरात वर्षाकाठी हा शब्द किती वेळा उच्चारला जात असेल, याची मोजदाद कठीण आहे. परंतु व्यासपीठावरील आणि समोरील मंडळींपैकी खरा दीपस्तंभ पाहिलेले किती, तो कसा चालतो हे जाणणारे किती आणि तो मोडकळीस आला तर हळहळणारे किती, असे कोणी विचारले तर सभागृहात शांतता पसरेल. शब्द आपण जपला आहे. वस्तू मात्र खाऱ्या वाऱ्याच्या स्वाधीन केली आहे.

हा विषय आज काढण्यास कारण आहे. जुलै २०२५ मध्ये युनेस्कोने मराठ्यांच्या बारा किल्ल्यांचा जागतिक वारसा यादीत समावेश केला. रायगड, राजगड, शिवनेरी, लोहगड ही त्यांतील नावे पुण्यातील शाळकरी मुलांनाही पाठ आहेत. त्याच यादीत खांदेरीचेही नाव आहे. मुंबई बंदराच्या तोंडाशी, अलिबागजवळच्या थळ गावासमोर भर समुद्रात उभा असलेला हा जलदुर्ग होय. या दुर्गात शिवकालीन तट-बुरूज आहेत, गाड्यांवर चढविलेल्या जुन्या तोफा आहेत, कोळीबांधवांचे श्रद्धास्थान असलेले वेताळाचे देऊळ आहे. आणि याच तटाच्या आत १८६७ साली इंग्रजांनी उभारलेले अष्टकोनी मनोऱ्याचे दीपगृहही आहे. आता ते कान्होजी आंग्रे यांच्या नावाने ओळखले जाते. किल्ल्याला जगाची मान्यता मिळाली, तेव्हा त्याच्या कुशीतील या दिव्याचे पुढे काय करावयाचे, हा प्रश्न आपोआप उभा राहतो.

खांदेरीचे महत्त्व ओळखणारा पहिला द्रष्टा पुरुष म्हणजे शिवछत्रपती. १६७९ साली महाराजांच्या आज्ञेने मायनाक भंडारी याने या बेटावर तटबंदीचे काम सुरू केले, तेव्हा मुंबईकर इंग्रजांची झोप उडाली. आपल्या बंदरात येणारे-जाणारे प्रत्येक गलबत आता मराठ्यांच्या नजरेखालून जाणार, हे त्यांनी तत्काळ ताडले. त्यांनी आरमार पाठविले, चकमकी झडल्या, त्यांची माणसे आणि होड्या कामी आल्या. पण काम थांबले नाही. अखेर पुढील वर्षाच्या आरंभी इंग्रजांनी तडजोड करून माघार घेतली. १७१८ साली मुंबईचा गव्हर्नर चार्ल्स बून याने कान्होजी आंग्र्यांकडून हे बेट हिसकावण्यासाठी पुन्हा मोठी मोहीम काढली, तीही फसली. ज्या खडकासाठी एवढा झगडा झाला, तो खडक समुद्रावर नजर ठेवण्याची मोक्याची जागा होता, एवढाच त्याचा अर्थ.

तोच मोका पुढे इंग्रजांना दिव्यासाठी उपयोगी पडला. गोव्यात पोर्तुगीजांनी आग्वाद किल्ल्यावर १८६४ साली दीपगृह उभारले. खांदेरीचा दिवा १८६७ चा. मुंबईच्या दक्षिण टोकाला, ओहोटीच्या वेळी उघड्या पडणाऱ्या खडकांवर उभे असलेले प्राँग्ज दीपगृह टॉमस ऑर्मिस्टन या अभियंत्याने १८७५ मध्ये पुरे केले. मधल्या काळात, १८६९ च्या नोव्हेंबरात, सुवेझ कालवा खुला झाला होता आणि युरोपातून मुंबईला येणाऱ्या आगबोटींची वाट कितीतरी जवळची झाली होती. हे दिवे साम्राज्याच्या व्यापारासाठी लागले, यात शंका नाही. परंतु दिव्याची जात मोठी निराळी आहे. तो जहाजाचे निशाण पाहून उजेड देत नाही. विलायतेच्या आगबोटीला दिसलेला तोच झोत थळच्या कोळ्याच्या मचव्यालाही दिसत होता.

दीपगृह म्हणजे उंचावर ठेवलेला मोठा कंदील, अशी अनेकांची समजूत असते. वस्तुतः ते भौतिकशास्त्राचे एक सुंदर प्रात्यक्षिक आहे. ऑगस्तँ फ्रेनेल या फ्रेंच शास्त्रज्ञाने एका जाड भिंगाऐवजी काचेच्या अनेक वलयांची रचना योजली आणि चहूकडे विखुरणारा प्रकाश एका झोतात बांधला. १८२३ साली फ्रान्सच्या कोर्दुआँ दीपगृहावर ही रचना प्रथम बसली आणि साध्या तेलाच्या ज्योतीचा पल्ला कित्येक मैलांनी वाढला. शिवाय प्रत्येक दिव्याला स्वतःचा ताल असतो. किती सेकंदांनी किती वेळा झळकावयाचे, हे ठरलेले असते, ते नौकानयनाच्या पुस्तकांत छापलेले असते आणि काळोखात तेवढ्यावरून तांडेल ओळखतो की, हे खांदेरी, ते प्राँग्ज. हा ताल चुकू न देणे हेच रखवालदाराचे काम. सूर्यास्ताला बत्ती लावणे, रात्रपाळीत जागणे, काचा पुसणे, चक्राला चावी देणे आणि तेल, हवामान, दृश्यता यांची नोंद वहीत करणे. जी नोंद कचेरीतील कारकून रोज निमूटपणे करतो, तसलीच ही नोंद. तिला कोणी इतिहास म्हणत नाही. परंतु वादळांचा, धुक्याचा आणि बुडालेल्या तारवांचा खरा दप्तरखाना तोच असतो.

आता हे सारे पालटले आहे. तेलाच्या जागी वीज आली, विजेच्या दिव्याला सूर्यप्रकाशावर चालणाऱ्या घटांची जोड मिळाली, दिवे आपोआप लागू-विझू लागले आणि आकाशातील उपग्रह खलाशाला त्याचे ठिकाण सांगू लागले. इंग्लंडमधील शेवटच्या दीपगृहावरूनही १९९८ साली रखवालदार उतरला. यात खंत करण्याजोगे काही नाही. चौदा तास जागणाऱ्या माणसाचे कष्ट वाचले, हे चांगलेच झाले. उपग्रहाचा संदेश अडविता येतो, बिघडविता येतो, म्हणून डोळ्यांना दिसणाऱ्या दिव्याची गरजही अद्याप संपलेली नाही. धोका निराळाच आहे. समुद्रकाठच्या इमारतीचा खरा वैरी म्हणजे मीठ. लोखंडी जिना, पितळी चौकट, चुन्याची गिलावणी यांना ते रोज थोडे थोडे खाते आणि रोज पुसणारा हात नाहीसा झाला की, इमारत झपाट्याने खंगते. यंत्राने दिवा सांभाळला. घर कोणी सांभाळावयाचे?

यावर एक आक्षेप संभवतो. शिवरायांच्या दुर्गातील इंग्रजी बांधकामाचे एवढे कौतुक कशाला, असे कोणी म्हणेल. भावना समजण्याजोगी आहे, युक्तिवाद मात्र कच्चा आहे. आग्वाद, देवगड, रत्नागिरीचा रत्नदुर्ग, कोर्लई, पश्चिम किनाऱ्यावर जेथे जेथे दुर्गकारांनी मोक्याची भूशिरे हेरली, तेथेच पुढे दीपगृहे आली. कारण समुद्र पाहण्याची उत्तम जागा आणि समुद्रावरून दिसण्याची उत्तम जागा एकच असते. दुर्गाने शत्रूचे गलबत अडविले, दिव्याने परक्याचे गलबतही वाचविले. ही एकाच खडकाची दोन प्रकरणे आहेत. दुसरे फाडून टाकल्याने पहिले अधिक उज्ज्वल होत नाही. उलट, ज्या बेटाने मुंबईकर इंग्रजांना दोनदा नमविले, तेथेच त्यांना आपल्या जहाजांसाठी दिवा लावावा लागला, हीच महाराजांच्या दूरदृष्टीला मिळालेली पावती नव्हे काय?

खरी अडचण भावनेची नसून कारभाराची आहे. खांदेरी किल्ला राज्य शासनाच्या पुरातत्त्व खात्याच्या संरक्षणाखाली. दीपगृह केंद्र शासनाच्या दीपगृह महासंचालनालयाच्या अखत्यारीत. एकाला तटाच्या दगडाची काळजी, दुसऱ्याला दिव्याच्या झोताची. दोन घरचा पाहुणा उपाशी, अशी म्हण आपल्याकडे आहे. ही उपासमार टाळण्याचे साधन उपलब्ध आहे. १९२७ च्या जुन्या कायद्याची जागा घेणाऱ्या २०२१ च्या सागरी नौकानयन साहाय्य कायद्यात एखाद्या दीपगृहाला ‘वारसा दीपगृह’ म्हणून घोषित करण्याची आणि शिक्षण, संस्कृती व पर्यटन यांसाठी त्याचा विकास करण्याची तरतूद आहे. २०२४ च्या फेब्रुवारीत देशातील ७५ दीपगृहांवरील पर्यटन सुविधांचे लोकार्पणही झाले. म्हणजे पैसा आणि इच्छा यांचा अगदीच अभाव नाही. भीती एवढीच की, वारसा या शब्दाचा अर्थ रंगरंगोटी, उपाहारगृह आणि छायाचित्रासाठी चौथरा एवढाच होईल. मनोरा राहील आणि दीपगृह जाईल.

इतरांनी काय केले, ते पाहण्यासारखे आहे. एडिस्टनच्या खडकावर स्मीटन या अभियंत्याने १७५९ साली बांधलेला मनोरा पायाखालचा खडक झिजल्यामुळे निकामी झाला, तेव्हा त्याचा वरचा भाग दगड दगड उतरवून प्लिमथच्या किनाऱ्यावर पुन्हा उभा करण्यात आला. कोर्दुआँचे दीपगृह २०२१ मध्ये जागतिक वारसा ठरले. तेथे आजही रखवालदार मुक्कामाला असतात. अमेरिकेने २००० साली कायदा करून वापरातून गेलेली दीपगृहे स्थानिक संस्थांच्या हाती देण्याची वाट मोकळी केली. मात्र जतनाची जबाबदारी लेखी घेऊन. या तिन्हींमधला समान धागा खर्चाचा नाही, जबाबदार माणूस नेमण्याचा आहे.

आता पुण्याविषयी. समुद्राकडे पाठ फिरविण्याची या शहराला जुनी खोड आहे. १७५६ साली पेशव्यांनी इंग्रजांच्या साह्याने तुळाजी आंग्र्यांवर मोहीम केली आणि विजयदुर्गाखाली मराठ्यांचेच आरमार जळाले. त्या धुराचा अर्थ पुण्याला फार उशिरा कळला. परंतु याच शहरात राजवाडे-मेहेंदळे यांनी १९१० साली भारत इतिहास संशोधक मंडळ स्थापन केले आणि माळ्यावर कुजत पडलेल्या रुमालांतून इतिहास वाचविला. तीच दृष्टी आता किनाऱ्याकडे वळावी. दोन्ही खात्यांनी खांदेरीसाठी एकच आराखडा करावा आणि त्यावर एका जबाबदार अधिकाऱ्याचे नाव असावे. दीपगृहाला वारसा दर्जा द्यावा. जुनी भिंगे, बत्त्या व नोंदवह्या यांची यादी करून त्या वस्तू दिल्लीच्या गोदामात न पाठविता शक्यतो जागेवर, मराठी माहितीसह ठेवाव्यात. बेट किती माणसे पेलू शकेल ते ठरवूनच होड्या सोडाव्यात. थळच्या कोळ्यांचा देवदर्शनाचा आणि मासेमारीचा हक्क पर्यटनाच्या पायी जाऊ नये. आणि निवृत्त झालेले दीपगृह कर्मचारी हयात आहेत, तोवर महाविद्यालयीन विद्यार्थ्यांनी त्यांच्या आठवणी लिहून घ्याव्यात.

यातील शेवटच्या कामाला शासनाचा आदेश लागत नाही, अनुदान लागत नाही. एक वही, एक पेन्सिल आणि अलिबागपर्यंतचे एसटीचे तिकीट एवढे पुरते. दगडाची डागडुजी दहा वर्षांनीही करता येईल; माणसाच्या आठवणीला तेवढी सवड नसते. इतिहासाच्या एखाद्या प्राध्यापकाने येत्या सुटीत चार विद्यार्थी घेऊन एवढे केले, तरी कामाला सुरुवात झाली असे म्हणता येईल.