‘इतर’ म्हणजे नक्की कोण?

ऑनलाइन फॉर्म भरताना एका गोष्टीकडे कधी नीट पाहिलंय का? नाव, पत्ता, मोबाइल नंबर आपण स्वतः टाइप करतो. पण लिंग, धर्म, प्रवर्ग, शिक्षणाचं माध्यम हे टाइप करायचं नसतं. तिथे एक छोटा बाण असतो. तो दाबला की यादी उघडते आणि त्यातलं एक काहीतरी निवडायचं. म्हणजे आपण कोण आहोत हे सांगतो आपण, पण काय काय सांगता येईल हे आधीच दुसऱ्या कुणीतरी ठरवलेलं असतं.

हा ‘दुसरा कुणीतरी’ बऱ्याचदा तुमच्याआमच्याच वयाचा डेव्हलपर असतो. तुम्ही बीसीएस, बीएस्सी आयटी, एमसीए किंवा इंजिनीअरिंग करत असाल, तर उद्या तो तुम्हीच असाल. म्हणून हा लेख तुमच्यासाठी. आणि माझ्यासारख्या, कोडिंगच्या वाटेला न गेलेल्यांसाठीही. कारण फॉर्म भरण्यातून कुणाचीच सुटका नाही!

आधी थोडं टेक्निकल. वेब फ्रेमवर्कमध्ये विद्यार्थी, अर्ज, तक्रार अशा प्रत्येक गोष्टीचं एक ‘मॉडेल’ असतं आणि त्या मॉडेलला माहितीचे रकाने असतात. एखाद्या रकान्यात ठरावीकच उत्तरं चालतील, बाकी काही नाही, असं बांधून टाकायचं असेल तर ‘एनम’ वापरतात. रुबी ऑन रेल्समध्ये ही सोय २०१४ साली ४.१ या आवृत्तीत आली. जँगोमध्ये ‘चॉइसेस’ आधीपासून होतेच. २०१९च्या डिसेंबरमध्ये आलेल्या ३.० आवृत्तीत त्यांना एनमचं रूप मिळालं.

सोय खरंच भारी आहे. नाहीतर काय होतं बघा. गावाचा रकाना मोकळा सोडला, की कुणी ‘सोलापूर’ लिहितं, कुणी ‘सोलापुर’, कुणी ‘सोलापूर शहर’. माणसाला कळतं, कॉम्प्युटरला ही तीन वेगळी गावं वाटतात. मग मोजणार काय आणि शोधणार काय? त्यामुळे यादीच नको, असं माझं अजिबात म्हणणं नाही. म्हणणं एवढंच, की ही यादी हा निव्वळ तांत्रिक तपशील नाही. तो एक निर्णय आहे आणि तो घाईत, एकट्याने घेऊ नये.

यादीतला क्रम घ्या. रेल्समध्ये नुसती यादी दिली, तर डेटाबेसमध्ये शब्द साठत नाहीत, त्यांचे नंबर साठतात. तेही शून्यापासून. समजा, स्कॉलरशिपच्या अर्जाची स्थिती अशी आहे : अर्ज आला ०, पडताळणी सुरू १, नामंजूर २, मंजूर ३. सहा महिन्यांनी कुणाला तरी सुचतं, ‘कागदपत्रं अपुरी’ हाही पर्याय हवा. तो पडताळणीनंतर, मधेच टाकला जातो. आता ३ नंबर कुणाचा? नामंजूरचा. म्हणजे ज्यांचा अर्ज कालपर्यंत मंजूर होता, ते सगळे एका रात्रीत नामंजूर! स्क्रीनवर लाल अक्षरात काही एरर येत नाही. डेटाबेसमधला एक आकडाही बदललेला नसतो, फक्त त्याचा अर्थ बदललेला असतो. रेल्सच्या अधिकृत माहितीतच सांगितलंय, की नवा पर्याय नेहमी शेवटी टाका. त्याहून बरं म्हणजे प्रत्येक पर्यायापुढे त्याचा नंबर स्वतः लिहून ठेवा. एवढी काळजी घेतली तर कुणाची फी अडकणार नाही.

दुसरी गोष्ट शून्याची. रकान्याचं डीफॉल्ट उत्तर शून्य ठेवलं आणि यादीत पहिला ‘पुरुष’ असेल, तर ज्याने किंवा जिने काहीच सांगितलं नाही तेही पुरुष ठरतात. लिंगाची नोंद कशी करावी, यासाठी आयएसओ ५२१८ नावाचं आंतरराष्ट्रीय मानक आहे. त्यात १ पुरुष, २ स्त्री, ९ लागू नाही आणि ० म्हणजे ‘माहीत नाही’. गप्प राहिलेल्याच्या तोंडी उत्तर घालायचं नाही, इतका साधा विचार त्यामागे दिसतो. अर्थात, हे मानकही स्त्री आणि पुरुष यांच्या पलीकडे जात नाही, हेही खरंच.

आता सगळ्यात मोठा प्रश्न : यादीत कोण आहे आणि कोण नाही?

२०११च्या जनगणनेचं उदाहरण बघा. धर्माच्या रकान्यासाठी सहा कोड होते : हिंदू १, मुस्लीम २, ख्रिश्चन ३, शीख ४, बौद्ध ५, जैन ६. बाकीच्यांनी धर्माचं नाव पूर्ण लिहायचं, कोड नाही. झारखंड, ओडिशा, बंगालच्या भागातल्या आदिवासींनी तिथे ‘सरना’ असं लिहिलं. किती जणांनी? सुमारे ४९ लाख ५७ हजार. त्याच जनगणनेत जैनांची संख्या होती सुमारे ४४ लाख ५१ हजार. म्हणजे स्वतःचा कोड असलेल्या एका धर्मापेक्षा कोड नसलेले सरना जास्त भरले आणि तरी मुख्य तक्त्यात ते दिसतात ‘इतर’ या एका शब्दाखाली. यात जैनांचं काही कमी करा असं कुणी म्हणत नाहीये. सरनांची मागणी आहे, आम्हालाही आमचा कोड द्या. नोव्हेंबर २०२०मध्ये झारखंड विधानसभेने तसा ठरावही केला. तिकडे या मागणीचं नावच आहे ‘सरना कोड’. आपण ज्याला ड्रॉपडाउनमधली एक ओळ म्हणतो, त्यासाठी तिथे लोक रस्त्यावर उतरलेत.

लिंगाच्या रकान्याचंही तेच. २०११च्या जनगणनेत पहिल्यांदा स्त्री-पुरुषांपलीकडे ‘इतर’ हा तिसरा कोड आला आणि ४ लाख ८७ हजार ८०३ जणांची नोंद त्यात झाली. त्याआधी ही माणसं नव्हती का? होती की! रकाना नव्हता. पुढे १५ एप्रिल २०१४ला सर्वोच्च न्यायालयाने तृतीयपंथीयांच्या ओळखीला मान्यता दिली. तरी कॉलेज प्रोजेक्टच्या मॉडेलमध्ये आजही दोनच पर्याय लिहून मोकळं होणारे कमी नाहीत.

पत्रकारिता शिकताना मला हे जास्त टोचतं. आम्ही बातमीत आकडे देतो, ते आकडे अशाच रकान्यांमधून येतात. जे यादीत नाहीत ते आकड्यात नाहीत, आणि जे आकड्यात नाहीत त्यांची बातमी होणं अवघडच.

‘अगं, प्रोजेक्ट तर व्हायवापुरता असतो, एवढा विचार कोण करतं?’ हे तुम्ही म्हणणार, माहितीये. पण सवयी इथेच लागतात ना? आज सबमिशनच्या आदल्या रात्री कॉपी-पेस्ट केलेली यादी उद्या नोकरीतही तशीच कॉपी-पेस्ट होते. तिथे ती भरणारी माणसं खरी असतात.

म्हणून चार गोष्टी करून बघा. एनमचे नंबर स्वतः लिहा आणि एकदा दिलेला नंबर दुसऱ्याला देऊ नका. ‘माहीत नाही’, ‘सांगायचं नाही’ आणि ‘यापैकी नाही’ ही तीन वेगळी उत्तरं आहेत, ती एकाच ‘इतर’मध्ये कोंबू नका. ‘इतर’ ठेवलंच, तर शेजारी लिहायला जागा द्या आणि तिथे काय लिहिलं जातंय ते अधूनमधून वाचा. एकच शब्द पुन्हा पुन्हा दिसला, तर त्याला यादीत आणा. आणि यादी पक्की करण्याआधी ती भरणाऱ्या पाच-सहा जणांना दाखवा, फक्त आपल्या ग्रुपमधल्यांना नको.

जे कोड लिहीत नाहीत त्यांनीही गप्प बसायचं कारण नाही. कॉलेजच्या फॉर्ममध्ये आपला पर्याय सापडला नाही, तर जवळचं काहीतरी निवडून पुढे जाऊ नका. ऑफिसला एक मेल टाका : या यादीत मी नाही, मला कुठे लिहू? पर्याय वाढवणं हे कोडमधलं एका ओळीचं काम आहे. पण ती ओळ लिहायला हवी, हे आधी कुणीतरी सांगायला लागतं.