कागद कुठाय?

कागद कुठाय? हा प्रश्न आमच्या आज्याला पाटलानं विचारला, बापाला मुकादमानं विचारला, आज मला काचेमागचा क्लार्क विचारतो. मधल्या काळात काच आली, काचेमागं कॉम्प्युटर आला, खुर्चीत कधीमधी आपलाच माणूस आला. प्रश्न जागचा हलला नाही.

पुण्या-मुंबईत कॉट बेसिसवर राहणाऱ्या माझ्या मित्रांना हा विषय म्हाताऱ्या-कोताऱ्यांचा वाटतो. त्यांच्या मोबाईलात आधार आहे, पॅन आहे, सगळं आहे. ते चर्चा करतात फॅसिझमवर. करा, जरूर करा. पण गड्यांनो, सिमकार्डापासून स्मशानापर्यंत एक दिवस कागदाशिवाय काढून दाखवा. खोली मिळत नाही. बँकेत खातं उघडत नाही. मजुरी खात्यावर जमा होणार असेल तर मजुरीही नाही. सिव्हिलमध्ये आईचं ऑपरेशन निघालं की योजनेत बसवायला आधी रेशनकार्ड मागतात, मग नाडी बघतात. रात्री अकराला नाक्यावर पोलिसानं हटकलं तर 'मी कोण' हे तुझ्या तोंडच्या शब्दावर ठरत नाही. खिशातला कागद बोलतो, आणि तो नसला तर त्याचा दंडुका बोलतो. मेल्यावर मृत्यूचा दाखला नाही निघाला तर विधवेची पेन्शन अडकते. म्हणजे जगलास ह्याला पुरावा, मेलास ह्यालाही पुरावा.

म्हणून कागदाला शिव्या घालून मोकळं होणारं पोकळ क्रांतिकारकत्व मला मान्य नाही. ज्यांच्या घरात सात पिढ्यांची दफ्तरं लोखंडी ट्रंकेत आहेत त्यांना ते परवडतं.

आता आमची दफ्तरं कुणी लिहिली ते बघू. गावच्या वहीत जन्म-मृत्यूची नोंद व्हायची, नमुना नंबर १४ म्हणतात तिला, कोतवाल बुकही म्हणतात. तिच्यात जातीचा रकाना होता. तो रकाना भरायला कुणी कधी विसरलं नाही. पोराचं नाव मात्र पुष्कळदा लिहिलंच नाही. 'अमक्या महाराला मुलगा झाला', संपली नोंद. आता नातवानं सिद्ध करायचं की तो बिननावाचा मुलगा म्हणजेच त्याचा आजा! वतनाच्या कागदात आमची नावं आहेत, कारण राबवून घ्यायला हिशेब लागतो. जे वतन टाकून द्या म्हणून बाबासाहेब कंठशोष करत राहिले, त्याच वतनाचा उतारा आज नातू दाखल्यासाठी शोधत फिरतो. गुलामीचा पुरावा हाच सवलतीचा पुरावा. असा विनोद ह्या देशालाच सुचतो.

पारधी, कैकाडी, मांग-गारुडी ह्यांचं तर आणखी वेगळं. १८७१ च्या गुन्हेगार जमाती कायद्यानं अख्ख्या जमातीच जन्मजात गुन्हेगार ठरवल्या. १९११ च्या नव्या कायद्यानं बोटांचे ठसे घ्यायची सोय केली. हजेरी द्यायची, पास घेतल्याशिवाय हद्द सोडायची नाही. ३१ ऑगस्ट १९५२ ला तो कायदा गेला. सरकारनं पहिल्यांदा ह्यांना कागद दिला तो पकडायला सोपं जावं म्हणून. आणि २९ सप्टेंबर २०१० ला नंदुरबार जिल्ह्यातल्या टेंभलीत देशातलं पहिलं आधार वाटलं गेलं, तेव्हापासून पुन्हा बोटांचे ठसे. आज्याचा ठसा गुन्हेगार म्हणून, नातवाचा लाभार्थी म्हणून. मधल्या काळात पालाला पत्ता काही मिळाला नाही. पत्ता नाही म्हणून रेशनकार्ड नाही, रेशनकार्ड नाही म्हणून रहिवासी दाखला नाही, आणि रहिवासी दाखला नाही म्हणून पत्ता नाही.

साताऱ्याच्या प्रतापसिंह हायस्कुलात एक रजिस्टर जपून ठेवलंय. ७ नोव्हेंबर १९०० ची नोंद आहे, क्रमांक १९१४, नाव भिवा रामजी आंबेडकर. २०१७ पासून महाराष्ट्र सरकार हा दिवस विद्यार्थी दिवस म्हणून पाळतं. तसबिरीला हार घालून भाषणं होतात. मला त्या नोंदीकडं बघताना वेगळं वाटतं. सुभेदार रामजी लष्करात राहिलेला माणूस. सरकारी शाळेच्या वहीत पोराचं नाव एकदा चढलं की ते खोडायला मास्तरच्या बापालाही जमत नाही, हे त्या बापाला कळत होतं. पोरगा वर्गात वेगळा, गोणपाटावर बसला. पण रजिस्टरात तो ओळीत होता, वरच्या आणि खालच्या नावाच्या मध्ये. आमच्यातल्या किती बापांना १९०० साली हे कळलं असेल? आणि कळलेल्यांपैकी कितीजणांना मास्तरनं उंबऱ्याच्या आत घेतलं असेल?

पुढं जे शाळेत गेले त्यांची जन्मतारीख मास्तरनं अंदाजानं टाकली. १ जून. अर्ध्या महाराष्ट्राचा वाढदिवस १ जूनला येतो तो काय ग्रहांमुळं नाही. आमच्या घरात तीन माणसं १ जूनची आहेत, त्यात एक चुलता आणि एक पुतण्या.

आता मुद्द्यावर येतो. अनुसूचित जातीचा दाखला पाहिजे तर १० ऑगस्ट १९५० च्या आधीचा पुरावा आणा म्हणतात, राष्ट्रपतींचा आदेश त्या तारखेचा म्हणून. भटक्या-विमुक्तांना २१ नोव्हेंबर १९६१. महाराष्ट्राच्या २००० सालच्या जात पडताळणी कायद्यात स्पष्ट लिहिलंय की सिद्ध करायची जबाबदारी अर्जदाराची. ठीक. खोटे दाखले काढून आमच्या जागा खाणारे कमी नाहीत, पडताळणी पाहिजेच. पण सांगलीच्या पोराचं काय होतं ऐका. १० ऑगस्ट १९५० ला 'सांगली जिल्हा' नावाचा जिल्हाच नव्हता! १९४९ साली झाला तो दक्षिण सातारा. सांगली हे नाव १९६० साली लागलं. त्याच्या आधी वाळवा, तासगाव, खानापूर, शिराळा हे सगळं साताऱ्यात. मिरज, जत, सांगली ही संस्थानं. आटपाडी औंध संस्थानात. १९४८ साली संस्थानं मुंबई प्रांतात विलीन झाली. म्हणजे जतच्या ऊसतोड कामगाराच्या पोरीनं आज्याचा कागद शोधायचा तर कुठं? संस्थानाच्या दफ्तरात, ते कुठल्या रेकॉर्डरूमला गेलं ते विचारत. मिळालाच तर मोडीत. मोडी वाचणारा गाठा, त्याचे पैसे द्या, कॉलेजची मुदत संपत आलीय. तिकडं साहेब सांगतो, साताऱ्याला जा. साताऱ्याचा साहेब सांगतो, हे सांगलीचं. एस.टी.चं तिकीट दोन्हीकडचं आपलंच.

त्यात आमचं धर्मांतर. १४ ऑक्टोबर १९५६ नंतर एका भावानं शाळेत ताठ मानेनं 'बौद्ध' लिहिलं. दुसऱ्यानं पोटासाठी 'हिंदू महार' ठेवलं, कारण केंद्र सरकारनं बौद्धांना अनुसूचित जातीच्या सवलती द्यायला १९९० उजाडवलं. चौतीस वर्षं! एकाच आईची दोन लेकरं, दोन नोंदी. आता समिती विचारते, तुमच्या घरात दोन जाती कशा? अरे बाबा, दोन जाती तुझ्या सरकारनं केल्या.

कुणी म्हणेल, सरकार तरी काय करणार, जुनी दफ्तरं शोधणं अवघड. खोटं आहे. सप्टेंबर २०२३ मध्ये न्यायमूर्ती संदीप शिंदे समिती नेमली गेली, आधी मराठवाड्यापुरती, मग सगळ्या राज्यासाठी. कुणबी नोंदी शोधायला गावोगावची कपाटं उघडली. तहसील, भूमी अभिलेख, शाळा, तुरुंग, सगळीकडं माणसं बसली. मोडी वाचणारे बोलावले. सापडलेल्या नोंदी स्कॅन करून जिल्ह्यांच्या संकेतस्थळांवर लावल्या, लाखांनी लावल्या. २ सप्टेंबर २०२५ ला हैदराबाद गॅझेटवर शासन निर्णय निघाला, सातारा गॅझेटचंही आश्वासन मिळालं. मराठा समाजातल्या कोरडवाहू, कर्जबाजारी पोराशी माझं वैर नाही. त्याची नोंद सापडली तर सापडू दे. आरक्षण कुणाला, किती, हा वाद आज इथं काढत नाही. मला एवढंच दिसलं की सरकारला धाक वाटला तेव्हा पुरावा शोधायची जबाबदारी सरकारनं स्वतःच्या अंगावर घेतली. त्याच कपाटात, त्याच वहीत, वरखालच्या ओळीत आमच्या आज्यांची नोंद आहे. स्कॅन करणाऱ्याचा हात तिच्यावरून फिरला आणि पुढं गेला.

ऑगस्ट २०१९ मध्ये कृष्णेनं सांगलीत धोक्याची ४५ फुटांची पातळी ओलांडून सत्तावन्न फूट गाठले. सूर्यवंशी प्लॉट, काकानगर, दत्तनगर पाण्यात. मी पाणी उतरल्यावर गेलो होतो. दोरीवर कपड्यांशेजारी रेशनकार्डं वाळत घातली होती, चिमटे लावून. एक बाई शाळेच्या दाखल्यावर इस्त्री फिरवत होती, खाली वर्तमानपत्र घालून. भांडी चिखलात पडलेली, तिकडं तिचं लक्ष नव्हतं. मदत खात्यावर येणार होती आणि खात्याला आधार, आधाराला पत्ता. भाड्याच्या खोलीत राहणाऱ्याकडं करारनामा कुठला? घरमालकाच्या नावानं पंचनामा, भाडेकरूच्या नावानं चिखल. २०२१ ला परत तेच. ज्या कार्डाची मूळ नोंद सरकारच्याच दप्तरी आहे त्याची भिजलेली प्रत दाखवायला पूरग्रस्ताला रांगेत उभं करणं ह्याला प्रशासन म्हणतात.

माझी आत्ती उसाच्या फडात तीस वर्षं राबली. रेशनच्या मशीनवर तिचा अंगठा उमटत नाही. रेषा कोयत्यानं आणि पाचटानं खाल्ल्या. दुकानदार म्हणाला, मावशे, हात धुऊन ये. धुऊन आली. परत नाही. ती मला म्हणाली, "आरं, हात माझा, अंगठा माझा, आन् मशीन म्हणतंय ही तू न्हवंच. मग मी कोन रं?" मशीनवर ओळख पटली नाही म्हणून हक्काच्या माणसाला लाभ नाकारला जाऊ नये, हे सर्वोच्च न्यायालयाच्या २६ सप्टेंबर २०१८ च्या आधार निकालात आहे. आत्तीला हे कुणी सांगितलं नव्हतं. दुकानदाराला माहीत होतं की नव्हतं, कोण जाणे.

बायकांचं आणखी एक. २२ ऑक्टोबर २०११ ला साताऱ्यात २८५ मुलींना नवी नावं दिली. 'नकुसा' हे त्यांचं नाव होतं. नको असलेली. नव्या नावाचे दाखले हातात दिले, चांगलं केलं. आज त्या पोरी वयात आल्यात, लग्नं झालीत. आता शाळेच्या दाखल्यावर एक, रेशनकार्डावर दुसरं, नवऱ्याच्या घरी तिसरं नाव राहिलं असेल तर बँक तिला ओळखणार नाही. २०२४ ला लाडकी बहीणचे दीड हजार जाहीर झाले तेव्हा कचेऱ्यांपुढं बायकांच्या रांगा लागल्या होत्या, त्यात स्पेलिंगच्या एका अक्षरासाठी अडलेल्या किती होत्या ते रांगेत उभं राहिल्याशिवाय कळत नाही.

आणि शहरातल्या मित्रांनो, कागद मिळाला म्हणून सुटलो असं समजू नका. खोली बघायला जाता. मालक गोड बोलतो. आधारची झेरॉक्स मागतो. आडनाव वाचतो, गाव वाचतो. 'आत्ताच दुसऱ्यांना दिली बघा.' पत्त्यात महारवाडा, मांगवाडा लिहिलेलं असेल तर आडनावाचीही गरज नाही. वस्त्यांची जातिवाचक नावं काढायचा निर्णय सरकारनं डिसेंबर २०२० मध्ये घेतला. तुमच्या आईच्या आधारवर अजून काय छापलंय ते ह्या सुट्टीत जाऊन बघा. कागद नसला तर दार बंद, असला तर वाचून बंद. तरी मी म्हणतो कागद पाहिजे, कारण दार उघडं असताना आत गेलेल्याला बाहेर काढायला मग त्यांना कोर्टात यावं लागतं.

१ ऑक्टोबर २०२३ पासून जन्म-मृत्यू नोंदणीचा सुधारलेला कायदा लागू आहे. त्या तारखेनंतर जन्मलेल्या पोराला शाळा, मतदारयादी, आधार, सरकारी नोकरी, लग्न, सगळ्याला जन्मदाखला हाच आधार. म्हणजे पालावर, फडावर, वीटभट्टीवर आज जन्मणारं पोर नोंदीतून सुटलं तर अठरा वर्षांनी तेही काचेपुढं उभं. १ जून टाकणारा मास्तरही आता मदतीला येणार नाही.

आमची मागणी साधी आहे. कुणबी नोंदींसाठी जे केलं तेच अनुसूचित जाती, जमाती, भटक्या-विमुक्तांसाठी करा. सातारा आणि सांगलीच्या रेकॉर्डरूममधल्या, संस्थानी दफ्तरांतल्या आमच्या नोंदी वाचा, स्कॅन करा, लावा. वही तुमची, कुलूप तुमचं, किल्ली तुमची; पुरावाही तुम्हीच काढा.

तोवर आपण बसून राहायचं नाही. दिवाळीत गावी गेलात की वस्तीतल्या घरटी एका माणसाचे कागद मांडून बघा, कुठलं नाव कुठल्याशी जुळत नाही ते लिहून काढा. घरात वडिलांकडच्या एकाला पडताळणी मिळाली असेल तर तिची प्रत सगळ्यांनी ठेवा. आज्याच्या नोंदीसाठी माहितीच्या अधिकारात अर्ज टाका, दहा रुपयांचं तिकीट लागतं, दारिद्र्यरेषेखालच्याला तेही नाही. जातीच्या दाखल्याच्या प्रतिज्ञापत्राला मुद्रांक माफ आहे, दारातला एजंट पाचशेचा स्टॅम्प गळ्यात मारायला आला तर त्याला तिथंच उभा करा. लोकसेवा हक्क कायदा २०१५ चा आहे, दाखल्याला किती दिवस ते कचेरीतल्या फलकावर लिहिलेलं असलं पाहिजे, नसेल तर फलक कुठाय म्हणून आपणच विचारायचं. आणि दिलेल्या प्रत्येक अर्जाची पोच घ्यायची, शिक्का, तारीख, सही. ती मिळेपर्यंत खिडकी सोडू नका.