पहाटे उठणारे आणि लिओ वराडकर

परदेशात मोठ्या पदावर चढलेल्या मराठी आडनावाचे आपल्याकडे मोठे कौतुक होते. पण त्या पदावर बसून त्या माणसाने काय केले याची चौकशी सहसा होत नाही. 14 जून 2017 रोजी लिओ वराडकर आयर्लंडचे पंतप्रधान झाले तेव्हा नेमके हेच घडले. मालवण तालुक्यातील वराड हे त्यांच्या वडिलांचे गाव. वडील डॉक्टर, साठच्या दशकात इंग्लंडला गेलेले; आई आयरिश परिचारिका. स्वतः लिओ यांनी डब्लिनच्या ट्रिनिटी महाविद्यालयातून वैद्यकाची पदवी घेतली आणि उमेदवारीचा काही काळ मुंबईच्या केईएम रुग्णालयात काढला. मराठी वाचकाला एवढे पुरेसे वाटले. ते तेव्हा फिने गेल या मध्यममार्गी-उजव्या पक्षाचे नेते होते, बाजारपेठेवर त्यांची गाढ श्रद्धा आहे, या गोष्टी वार्तांच्या तळाशी राहिल्या.

वस्तुतः वराडकरांच्या आर्थिक विचारांचे सार पक्षनेतेपदाच्या निवडणुकीतील त्यांच्या एका घोषणेतच आले होते. पहाटे लवकर उठून कामाला जाणाऱ्या माणसांसाठी आपला पक्ष उभा राहील, असे ते म्हणाले. ऐकायला हे वाक्य श्रमिकांच्या बाजूचे वाटते. पण त्याआधी काही आठवडेच, समाजसुरक्षा खात्याचे मंत्री म्हणून त्यांनी सरकारी मदत लुबाडणाऱ्यांविरुद्ध जाहिरातींची मोहीम काढली होती. तीत सुमारे 50 कोटी युरोंच्या बचतीचा जो गाजावाजा झाला, त्यात कारकुनी चुकांच्या दुरुस्त्या आणि भविष्यातील बचतीचे अंदाजही धरलेले होते. दोन्ही गोष्टी शेजारी ठेवल्या की घोषणेचा रोख कळतो. उठणारे एका बाजूला, न उठणारे दुसऱ्या. म्हणजे गरिबी हा झोपेचा दोष!

या घोषणेची परीक्षा पुण्याच्या मंडईत घ्यावी. हे शहर उठायच्या आधी मंडई उठते. गुलटेकडीहून माल येतो, हमालाच्या डोक्यावर पाटी चढते, पदपथावर बसणाऱ्या बाया पालेभाजीच्या जुड्या बांधू लागतात. यांच्याइतके लवकर उठणारे डब्लिनमध्येही थोडेच असतील. मग लवकर उठण्याने यांचे काय झाले? पुण्यातील हमाल पिढ्यान्‌पिढ्या पहाटे उठतच होता, तरी त्याला भविष्यनिर्वाह निधी नव्हता, भरपगारी रजा नव्हती, म्हातारपणाची सोय नव्हती. ती मिळू लागली बाबा आढावांच्या हमाल पंचायतीसारख्या संघटनांच्या झगड्याने आणि 1969 च्या माथाडी कायद्याने. पदपथावरच्या भाजीवालीला तर तिच्या जागेचा हक्क कागदावर मिळायला 2014 साल उजाडावे लागले. तो कागद अजून पुरता जमिनीवर उतरलेला नाही.

आणि श्रीमंत आयर्लंडमध्ये काय होते? आजारी कामगाराला मालकाने पगार द्यावा अशी सक्ती तेथील कायद्यात 1 जानेवारी 2023 पर्यंत नव्हती! तो कायदा वराडकरांच्याच उद्योगखात्याने 2022 साली आणला, हे श्रेय त्यांना दिले पाहिजे. वर्षाला तीन दिवस, पगाराच्या 70 टक्के, तेही कमाल मर्यादेसह. पुढे 2024 पासून पाच दिवस. मात्र हा कायदा झाला तो कोविडने सर्वांना एकदम घरी बसवल्यानंतर. त्या साथीत काम गेलेल्यांना याच नेत्याच्या सरकारने आठवड्याला 350 युरो दिले. काम नसणे म्हणजे आळस नव्हे, हे तत्त्व मान्य व्हायला महामारी लागली.

सामाजिक सुधारणांत वराडकरांची कामगिरी निःसंशय मोठी आहे. मंत्री असताना 2015 च्या जानेवारीत त्यांनी आपण समलिंगी असल्याचे जाहीर केले. त्याच वर्षी मे महिन्यात समलिंगी विवाहाला सार्वमताने 62 टक्के पाठिंबा मिळाला. ते पंतप्रधान असताना, 2018 साली, गर्भपातावरील घटनात्मक बंदी 66 टक्के मतांनी उठली. कॅथलिक धर्मपीठाचा इतका पगडा असलेल्या देशात हे घडले. ब्रेक्झिटच्या वाटाघाटीतही आयर्लंड बेटावर कुंपणाची सीमा पुन्हा येऊ नये यासाठी ते खंबीर राहिले. होमरूल हा शब्द ज्या देशाकडून लोकमान्यांनी घेतला, त्या देशाच्या एका पंतप्रधानाने लंडनला असे उत्तर द्यावे, यात मंडईतल्या टिळकपुतळ्यालाही समाधान वाटले असेल.

पण व्यक्तीला मोकळे करणारा हा उदारमतवाद भांडवलापाशी आला की थबकतो. आयर्लंडचे एकूण देशांतर्गत उत्पादन 2015 साली एका वर्षात सुमारे 26 टक्क्यांनी वाढल्याचा आकडा जाहीर झाला आणि जगभरचे अर्थतज्ज्ञ हसले. कारखाने वाढले नव्हते. बहुराष्ट्रीय कंपन्यांनी आपली मालमत्ता कागदोपत्री आयर्लंडमध्ये आणली होती, कारण तेथे तेव्हा कंपनीकर 12.5 टक्के होता. युरोपीय आयोगाने 2016 साली अ‍ॅपलकडून 1300 कोटी युरो कर वसूल करा असे सांगितले, तर ते आयरिश सरकार, ज्यात वराडकर मंत्री होते, पैसे नकोत म्हणून न्यायालयात गेले. पंतप्रधान झाल्यावर त्यांनी तो दावा तसाच चालवला. स्वतःच्या खजिन्यात येणारी रक्कम अडवण्यासाठी वकील लावणारे सरकार अर्थशास्त्राच्या विद्यार्थ्यांना उदाहरण म्हणून फार काळ पुरेल. सप्टेंबर 2024 मध्ये युरोपीय न्यायालयाने सरकारविरुद्ध निकाल दिला. तोवर वराडकर पायउतार झाले होते.

मधल्या काळात त्या देशातील सामान्य नोकरदाराला घर परवडेनासे झाले. घरबांधणी सरकारने करावयाची की गुंतवणूकदारांवर सोपवावयाची, या प्रश्नावर फिने गेलने दीर्घकाळ दुसरा पर्याय धरला. फेब्रुवारी 2020 च्या निवडणुकीत मतदारांनी घर आणि आरोग्य हेच प्रश्न पुढे केले आणि सत्ताधारी पक्ष पहिल्या पसंतीच्या मतांत तिसऱ्या क्रमांकावर गेला. वराडकर उपपंतप्रधान म्हणून राहिले आणि डिसेंबर 2022 मध्ये आघाडीच्या करारानुसार पुन्हा पंतप्रधान झाले. मार्च 2023 अखेर भाडेकरूंना घराबाहेर काढण्यावरील हिवाळी बंदी त्यांच्या सरकारने उठू दिली. एप्रिल 2024 मध्ये त्यांनी पद सोडले, तेव्हा तात्पुरत्या निवाऱ्यांत राहणाऱ्यांची संख्या 14 हजारांच्या घरात होती आणि त्यांत चार हजारांहून अधिक मुले होती. त्यांच्यातले कित्येक आईबाप सकाळी त्या निवाऱ्यातूनच कामाला जात होते.