चरबीची लाज कुणी बाळगायची?

चिकनच्या दुकानात कोंबडी सोलली की कातडी आणि पिवळी चरबी बादलीत जाते. आपण ती मागत नाही. मागितली तर बाजूचा गिऱ्हाईक काय म्हणेल, हा प्रश्न आधी डोक्यात येतो. पण हीच चरबी पूर्व युरोपातल्या ज्यू स्वयंपाकाचा कणा होती. यिडिश भाषेत तिला 'श्माल्ट्झ' म्हणतात.

कृती साधी आहे. अर्धा किलो चरबी आणि कातडी बारीक चिरून, थोडं पाणी घालून जाड बुडाच्या पातेल्यात मंद आचेवर ठेवायची. पाणी आटून चरबी सुटली की चिरलेला कांदा टाकायचा. लोणी कढवताना ठेवतो तसं लक्ष ठेवायचं. कातडी सोनेरी झाली की गाळून बरणीत भरायचं. गाळणीत उरलेल्या कुरकुरीत कातडी-कांद्याला 'ग्रिबेनेस' म्हणतात. म्हणजे वाया काहीच जात नाही.

ही चव आली कुठून? ज्यू धर्मनियमानुसार मांसासोबत दूध-लोणी चालत नाही. शेजारी वापरत ती डुकराची चरबी निषिद्ध. पोलंड-लिथुआनियाच्या थंडीत ऑलिव्ह पिकत नाही. उरली पाळीव हंसाची चरबी आणि पुढे अमेरिकेत कोंबडीची. तिथे 1911 मध्ये क्रिस्को हे वनस्पती तूप बाजारात आलं. 1933 मध्ये कंपनीने ज्यू गृहिणींसाठी यिडिश-इंग्रजी पाककृतींचं पुस्तकच काढलं. बरणी मागे पडली. इंग्रजीत तर 'श्माल्ट्झ' म्हणजे बटबटीत भावुकपणा असा अर्थ रूढ झाला. तरीही नातवंडांनी आजीची कृती लिहून ठेवली, आणि आज ती अभिमानाने सांगितली जाते.

आपल्या कोकणातल्या बेने इस्रायलींना मात्र श्माल्ट्झची गरज पडली नाही. ते तेलाचे घाणे चालवत. शनिवारी घाणा बंद, म्हणून गावाने त्यांना 'शनिवार तेली' म्हटलं. नारळाचं दूध जनावराचं नाही, म्हणून ते मांसात चालतं. धर्मनियम तोच, पातेलं वेगळं. माणसाचं ताट रक्तातून ठरत नाही. ते नियम, जमीन आणि खिसा ठरवतात.

आता आपल्या ताटाकडे या. तेल परवडत नव्हतं तेव्हा आपल्या आज्यांनीही चरबी वितळवून कालवण केलं. शाहू पाटोळे यांनी 'अन्न हे अपूर्णब्रह्म' मध्ये मराठवाड्यातल्या या स्वयंपाकाची नोंद केली. पण अशा नोंदी किती?

इथे काही कार्यकर्ते हरकत घेतील. बाबासाहेबांनी 1927 ला महाडला मेलेल्या जनावराचं मांस सोडायला सांगितलं, मग हे गोडवे कशाला? हरकत रास्त आहे. ज्यूंचा नियम त्यांनी स्वतःचा मानलेला होता. आपल्यावरचा नियम जातीने लादलेला होता. काय खायचं हे नव्हे, तर काय शिल्लक मिळेल हे दुसरे ठरवत. म्हणून दोन्ही बरण्या सारख्या म्हणणं खोटं ठरेल. बाबासाहेबांनी सोडायला लावली ती लाचारी. आजीचं कसब सोडायला त्यांनी कधी सांगितलं नाही.

आणि आपण उलटंच केलं. लाचारी लपवताना कसबही लपवलं. पाहुणे आले की वजडीचं पातेलं झाकायचं, डब्यात काय आहे ते ऑफिसात सांगायचं नाही. ही लाज आपली नाही. ज्यांनी ताटावरून माणसाची पायरी ठरवली, त्यांची आहे.

म्हणून या रविवारी आजीजवळ, आईजवळ वही घेऊन बसा. चरबी कशी वितळवायची ते लिहा. ती का वितळवावी लागली तेही लिहा. कृती लिहिली आणि कारण गाळलं, तर उद्या एखादं हॉटेल ती महागात विकेल आणि आपला इतिहास पुन्हा बादलीत जाईल.

जय भीम!