केसानें गळा कापणारा मित्र

शेक्सपिअरचें ‘ज्यूलिअस सीझर’ हें नाटक ज्यांनीं वाचलें आहे, त्यांस मित्रद्रोह म्हणतांच मार्कस ब्रूटस आठवतो. आमच्या मतें हा बोल भलत्याच माणसास लागला आहे. सीझरचा खरा विश्वासघात दुसऱ्याच एका ब्रूटसनें केला. त्याचें नांव डेसिमस. नाटकांत तो ‘डेसिअस’ अशा चुकीच्या नांवानें येतो, व वाचकांचें त्याजकडे फारसें लक्ष जात नाहीं.

मार्कस हा इ. स. पूर्व ४८ मध्यें फार्सेलसच्या लढाईंत सीझरच्या शत्रुपक्षांत होता. सीझरनें त्यास क्षमा करून मानाच्या जागा दिल्या. डेसिमसची गोष्ट निराळी. इ. स. पूर्व ५६ मध्यें व्हेनेटी लोकांशीं झालेल्या समुद्रयुद्धांत सीझरचें आरमार त्याच्याच हातीं होतें; ४९ मध्यें मसिलिआच्या वेढ्यांतही तेंच काम त्यानें केलें. सीझरनें आपल्या मृत्युपत्रांत दुय्यम वारसांमध्यें त्याचें नांव घातलें होतें!

इ. स. पूर्व ४४ च्या मार्चच्या १४ तारखेस रात्रीं लेपिडसच्या घरीं सीझर जेवावयास गेला, तेव्हां डेसिमस त्याच्यासोबत होता. दुसऱ्या दिवशीं सकाळीं पत्नी कॅल्पर्निया हिला पडलेल्या अशुभ स्वप्नामुळें सीझरनें सभेस जाण्याचा बेत रहित केला. तेव्हां डेसिमस घरीं आला, ज्योतिष्यांची त्यानें थट्टा केली, आणि सीझरचा हात धरून त्यास बाहेर नेलें. पुढें थोड्याच वेळांत पाँपेच्या सभागृहांत सीझरच्या देहावर तेवीस घाव पडले. परक्यास तो हात धरतां आला नसता. तो मित्रालाच धरतां आला.

कोणी म्हणेल, सीझर तहहयात सर्वाधिकारी झाला होता. स्वातंत्र्यासाठीं मैत्री सोडणें हें पाप कसें? हा आक्षेप पोकळ नाहीं. देश मित्राहून मोठा, हें आम्हीही मानतों. परंतु मैत्री सोडणें निराळें आणि मैत्रीचें सोंग कायम ठेवून तिचाच फांस करणें निराळें. ज्यास सीझरची सत्ता असह्य झाली होती, त्यानें त्याचें अन्न व त्याचा विश्वास हीं दोन्ही आधीं परत करावयास हवीं होतीं.

याच सुमारास गेअस मेटिअस नांवाचा सीझरचा एक मित्र होता. सीझरनें आरंभिलेलें यादवी युद्ध त्यास मान्य नव्हतें, तरी मित्र मेल्यावर त्यानें उघड शोक केला. लोकांनीं नांवें ठेविलीं, तेव्हां सिसरोस पत्र लिहून त्यानें आपली बाजू निर्भयपणें मांडली. मतभेद असूनही मैत्री कशी राखावी, तें येथें दिसतें.

डेसिमसचा शेवट ४३ मध्यें झाला. सैन्य सोडून गेल्यावर तो वेषांतर करून पळत असतां पकडला गेला. ॲपिअन हा इतिहासकार सांगतो कीं, ज्या गॉल सरदारावर त्यानें पूर्वीं उपकार केले होते, त्याच्याकडेच नेण्याची विनंति त्यानें केली. सरदारानें वरकरणी स्नेह दाखविला, गुप्तपणें अँटनीस निरोप पाठविला, व त्याच्या आज्ञेनें त्याचा वध केला. पेरलें तें उगवलें!

विद्यार्थिमित्रहो, तुमच्या हातीं खंजीर नाहींत. पण मित्रानें विश्वासानें सांगितलेलें गुपित आहे, त्याची चूक आहे, त्याचा भोळेपणा आहे. मित्राचें वागणें पटत नसेल तर त्यास तोंडावर सांगा. प्रसंगीं संगतही सोडा. मात्र त्याचा हात धरून त्यास खड्ड्याकडे नेऊं नका.